पुण्याला जवळचे काय, दुबई की वेल्हे?

भूमापक (मूळ लेख)

९ मार्च २०२० रोजी महाराष्ट्रातील करोनाचे पहिले दोन रुग्ण पुण्यात सापडले, हे अनेकांना आठवत असेल. दुबईची सहल करून आलेले ते दांपत्य होते, आणि त्यांच्यापाठोपाठ ज्यांना लागण झाल्याचे कळले त्यांत त्यांना मुंबईहून पुण्याला घेऊन येणारा टॅक्सीचालकही होता. त्या आठवड्यात घरच्या भिंतीवरील पुणे जिल्ह्याचा नकाशा पाहताना (तीस वर्षे नकाशांच्या कचेरीत काढलेल्या माणसाच्या घरी दिनदर्शिकेच्या खिळ्यालाही नकाशाच टांगलेला असतो) मला एक साधी गोष्ट खटकली. स्वारगेटहून वेल्हे पन्नास-साठ किलोमीटरवर आहे आणि दुबई जवळजवळ दोन हजार किलोमीटरवर. तरीही साथीच्या हिशेबाने दुबई पुण्याच्या उंबऱ्यावर होती आणि वेल्हे डोंगरापलीकडे. मग आम्ही जन्मभर साखळीने आणि फुटपट्टीने मोजले ते अंतर नेमके कशाचे होते?

हा प्रश्न नवा नाही. स्वीडनमधील लुंड विद्यापीठातील भूगोलतज्ज्ञ टॉर्स्टन हेगरस्ट्रांड यांनी १९५३ च्या आपल्या प्रबंधात तो फार कष्टाने हाताळला होता. त्यांचा विषय रोगाचा नव्हता. कुरणे सुधारण्यासाठी मिळणारे सरकारी अनुदान, जनावरांची क्षयाची तपासणी अशा नव्या गोष्टी शेतकऱ्यांनी कोणत्या क्रमाने स्वीकारल्या, हे त्यांनी गावोगावच्या नोंदींवरून नकाशावर मांडले. त्यांना असे दिसले की नवी गोष्ट आधी एखाद-दुसऱ्या शेतावर उगवते, मग त्याच्या शेजारी दाटत जाते आणि बराच काळ दूरची शेते कोरीच राहतात. एका शेतकऱ्याने दुसऱ्याला सांगण्याची शक्यता अंतराबरोबर किती कमी होते, हे ठरवण्यासाठी त्यांनी लोकांच्या स्थलांतराच्या आणि टेलिफोनच्या नोंदी वापरल्या, आणि मग यदृच्छेने आकडे काढून कागदी चौकटींवर हा प्रसार पुन्हा घडवून पाहिला. मध्ये सरोवर आले की निरोप अडतो, हेही त्यांनी त्या हिशेबात धरले होते. विचारासाठी बनवलेले हे गणित पुढे साथींच्या अभ्यासकांनी उचलले.

शेजाऱ्याकडून शेजाऱ्याकडे सरकणे ही प्रसाराची एक चाल झाली. मोठ्या शहरातून मोठ्या शहरात उडी मारायची आणि मग तिथून लहान गावांत उतरायचे, ही दुसरी. जेराल्ड पाइल यांनी १९६९ साली अमेरिकेतील पटकीच्या (कॉलऱ्याच्या) तीन साथी शेजारीशेजारी ठेवून ही दोन्ही रूपे दाखवली. १८३२ च्या साथीत पटकी नद्या, कालवे आणि सरोवरे यांच्या काठाकाठाने, जवळच्या गावाकडून लांबच्या गावाकडे गेली. १८६६ मध्ये रेल्वेचे जाळे तयार होते, तेव्हा तिने गावाचे अंतर पाहिले नाही, गावाचा आकार पाहिला. मोठी शहरे आधी आणि लहान नंतर. १८४९ ची साथ या दोहोंच्या मधली होती. रोग तोच आणि देशही तोच, फक्त चौतीस वर्षांत रस्ते बदलले होते.

आपल्याकडे हाच फरक भोर घाटाने घडवला. १८५८ मध्ये खंडाळा ते पुणे रेल्वे सुरू झाली तेव्हा घाटाचे काम अपुरे होते. प्रवासी पायथ्याशी उतरत आणि पालखीतून किंवा पायी घाट चढून वरची गाडी धरत. १८६३ मध्ये घाटातून गाडी जाऊ लागली आणि मुंबई पुण्याला एकदम खेटली. १८९४ मध्ये हाँगकाँगमध्ये भडकलेला प्लेग १८९६ च्या सप्टेंबरात मुंबईच्या मांडवी भागात डॉ. व्हिएगस यांनी ओळखला, आणि पुढे काही महिन्यांतच मुंबईहून पळालेल्या प्रवाशांनी तो पुण्यात आणला.

माझे म्हणणे थोडक्यात असे आहे. साथ स्वतःसाठी रस्ता बांधत नाही, आणि विचारही बांधत नाही. व्यापार, यात्रा, सोयरीक, नोकरी यांसाठी जे रस्ते माणसांनी आधीच मळवलेले असतात, त्यांवरूनच दोघे जातात. हे आपल्याला पटते का, आणि आपापल्या अनुभवातील उदाहरणे कोणती, हे वाचायला आवडेल.

निवृत्त_आरोग्यसेविका

लेख आवडला, परंतु आरंभीच एक सावधगिरीची सूचना करते. नकाशावर रुग्णांचे टिंब दाटीने दिसले म्हणजे रोग एकाकडून दुसऱ्याकडे पसरला, असे समजू नये. २०२५ च्या जानेवारीत सिंहगड रस्त्याच्या बाजूला, नांदेड गाव, किरकटवाडी, धायरी या भागांत जीबीएसचे (गुइलेन-बॅरे सिंड्रोमचे) रुग्ण एकापाठोपाठ एक आढळले आणि पाहता पाहता संशयित रुग्णांची संख्या दोनशेच्या पुढे गेली. तेव्हा आमच्या सोसायटीत लोक एकमेकांच्या घरी जाणे टाळू लागले. वास्तविक जीबीएस संसर्गजन्य नाही. आधी होऊन गेलेल्या एखाद्या जंतुसंसर्गानंतर शरीराची प्रतिकारशक्ती स्वतःच्याच मज्जातंतूंवर उलटते, त्याचे हे नाव. काही रुग्णांच्या शौचाच्या नमुन्यांत कॅम्पिलोबॅक्टर जेजुनी हा जंतू सापडला आणि संशयाची सुई पाण्याकडे वळली. अशा वेळी शेजाऱ्याचा दोष नसतो. दोघांचा नळ एका ठिकाणाहून येत असतो, एवढेच. ही साथ पसरली असे न म्हणता वाटली गेली असे म्हणावे लागेल.

दोन्हींतला फरक तारखांवरून ओळखता येतो. दूषित पाण्याची साथ असेल तर आलेख एकदम चढतो आणि पाणी सुधारले की उतरतो. माणसाकडून माणसाकडे जाणाऱ्या आजारात पहिल्या रुग्णांनंतर काही दिवसांची शांतता असते, मग दुसरी खेप येते, आणि ती पहिलीपेक्षा मोठी असते. त्या मधल्या शांततेत सगळेजण "गेले एकदाचे संकट" म्हणतात. आम्हाला सर्वांत जास्त धास्ती त्या दिवसांची वाटत असे.

आपल्या मुख्य मुद्द्याला मात्र माझा दुजोरा आहे, आणि त्यासाठी पल्स पोलिओचे उदाहरण देते. बूथचा रविवार संपला की आम्ही घरोघर फिरत असू. प्रत्येक दाराशेजारी खडूने खूण करायची: सगळ्या मुलांना डोस मिळाला असेल तर 'पी', आणि एखादे मूल राहिले असेल, घर बंद असेल किंवा नकार मिळाला असेल तर फुली. पेठेतल्या एका जुन्या वाड्यात मी सलग सात दारांवर फुल्या मारल्या होत्या. त्या घरांची जात-पात, शिक्षण, मिळकत वेगवेगळी होती. समान गोष्ट एकच, ती म्हणजे सामायिक जिना. जिन्यावर राहणाऱ्या एका आजींचा नातू डोस घेतल्यावर तापाने आजारी पडला होता, आणि ती हकीकत त्या जिन्याने वर गेली होती. समोरच्या जिन्यावर सगळे 'पी'. पुढच्या फेरीत मी डॉक्टरांना नेले नाही. त्याच आजींना चहा पाजून माझ्याबरोबर दारोदार घेतले. त्या दिवशी सातपैकी पाच फुल्या पुसल्या गेल्या. तेव्हा नकाशाच काढायचा तर रस्त्यांबरोबर जिनेही काढावेत, असे मी सुचवीन.

कसबेकर

माझा या सगळ्या तुलनेलाच आक्षेप आहे. रोग होतो, विचार स्वीकारावा लागतो. ज्याला गोवर होतो त्याला कोणी "तुझे मत काय" असे विचारत नाही. विचारांच्या प्रसाराला साथीची भाषा लावली की ऐकणारा माणूस केवळ वाहक ठरतो, त्याच्या निवडीला किंमत उरत नाही.

शिवाय वस्तुस्थितीही तुलनेला अनुकूल नाही. १८४८ साली जोतीराव आणि सावित्रीबाई फुले यांनी भिडे वाड्यात मुलींची शाळा काढली. शेजारप्रसाराचा नियम खरा मानला तर बुधवार, शनिवार आणि सदाशिव पेठेने तो विचार सर्वांत आधी उचलायला हवा होता. प्रत्यक्षात शाळेत जाणाऱ्या सावित्रीबाईंच्या अंगावर शेण-चिखल पडला तो याच गल्ल्यांतून. २४ सप्टेंबर १८७३ रोजी सत्यशोधक समाजाची स्थापना पुण्यात झाली, पण तो रुजला जुन्नर-ओतूरकडच्या गावांत, मुंबईच्या गिरणगावात, पुढे कोल्हापूर-साताऱ्यात. विचाराच्या बाबतीत जवळ असणे हाच कधी कधी अडथळा असतो, कारण त्याची झळ ज्याला लागते तोही जवळच राहत असतो.

भूमापक

आरोग्यसेविकाताई, जिन्याचा मुद्दा शिरसावंद्य. नकाशांच्या कचेरीत आम्ही जिने कधीच काढले नाहीत, ही चूकच म्हणायची.

कसबेकर, आपला आक्षेप मी निम्मा मान्य करतो. गोवराला एक गाठभेट पुरते. प्रतिकारशक्ती नसलेल्या वस्तीत एक रुग्ण बारा ते अठरा जणांना गोवर देऊ शकतो, तेही नुसत्या श्वासातून. जोखमीच्या विचाराचे तसे नसते. पुरोहिताविना लग्न लावायचे तर घरातल्या कर्त्याला एकाने सांगून पुरत नाही. दोन भाऊबंदांनी आधी तसे केलेले असावे लागते, मामाचा पाठिंबा लागतो आणि गावाने वाळीत टाकलेच तर पाण्याला जायला दुसरी विहीर लागते. त्यामुळे गाडीच्या डब्यात शेजारी बसलेल्या अनोळखी माणसाकडून ताप घेता येतो, पण असा विचार सहसा घेता येत नाही. रस्ता तोच असला तरी रोग प्रत्येक स्थानकावर उतरतो आणि विचार फक्त तिथे उतरतो जिथे त्याला घ्यायला चार माणसे आलेली असतात.

आपण दिलेले सत्यशोधक समाजाचे उदाहरण मात्र मला माझ्याच बाजूचे वाटते. पुण्यापासून मुंबईच्या गिरणगावात तो विचार उडी मारून कसा गेला? पुणे, सातारा, कोकण या भागांतील माणसे गिरण्यांत आणि बांधकामांवर कामाला होती म्हणून. कृष्णराव भालेकरांनी १८७७ मध्ये पुण्यात सुरू केलेले 'दीनबंधु' पत्र १८८० मध्ये नारायण मेघाजी लोखंडे यांच्याकडे मुंबईला गेले आणि तिथे कामगारांत वाचले जाऊ लागले. हीच माणसे सुगीला, जत्रेला आणि लग्नसराईला गावी येत. येताना गाठोड्यात धोतरजोडी, मुलांना खाऊ आणि डोक्यात मुंबईत ऐकलेले भाषण. १८९६ च्या हिवाळ्यात याच माणसांनी त्याच गाडीने मुंबई सोडली तेव्हा गाठोड्यातून आणखीही काही आले. पेठा विचाराला विरोध करत होत्या म्हणून तो थांबला नाही. त्याला पेठांतून जावेच लागले नाही.

अभिलेख

चर्चेत एक तपशील दुरुस्त करणे आवश्यक वाटते. मूळ लेखात "मुंबईहून पळालेल्या प्रवाशांनी" प्लेग आणला असे म्हटले आहे. त्या काळच्या अधिकाऱ्यांचीही हीच समजूत होती, आणि त्या समजुतीची फार मोठी किंमत पुण्याने मोजली.

गाठीचा प्लेग मुख्यतः उंदराच्या अंगावरील पिसवांमुळे होतो. पॉल-लुई सिमाँ या फ्रेंच डॉक्टरांनी १८९८ मध्ये कराचीत प्रयोग करून हे दाखवले, आणि सर्वमान्य व्हायला त्यानंतरही काही वर्षे गेली. प्लेग फुफ्फुसात उतरला तर तो खोकल्यावाटे माणसाकडून माणसाकडे जातो हे खरे, परंतु भारतातील साथीचा मोठा भाग गाठीच्या प्लेगचा होता. म्हणजे घाट चढून आलेला खरा प्रवासी धान्याच्या पोत्यात आणि कापडाच्या गाठोड्यात होता. तपासणी मात्र माणसांची होत होती. स्थानकांवर उतारूंना रांगेत उभे करून काखा आणि जांघा चाचपल्या जात. मालाच्या डब्यातील पोती सरळ पेठेत जात.

१८९७ च्या फेब्रुवारीत साथरोगांचा कायदा झाला, आणि वॉल्टर चार्ल्स रँड यांच्या अध्यक्षतेखालील प्लेग समितीने गोऱ्या सैनिकांकरवी घरोघर झडत्या सुरू केल्या. देवघरात बूट, सामानाची नासधूस, स्त्रियांची तपासणी, आजाऱ्याला रुग्णालयात आणि घरच्यांना विलगीकरणाच्या छावणीत. परिणाम असा झाला की लोक आजारी माणूस लपवू लागले आणि जवळच्या गावी रातोरात हलवू लागले. रोग आवरण्यासाठी केलेल्या उपायानेच त्याला नवे रस्ते काढून दिले. २२ जून १८९७ च्या रात्री गणेशखिंड रस्त्यावर चापेकर बंधूंनी रँड यांच्यावर गोळी झाडली, हा इतिहास सर्वांना ठाऊक आहे.

त्याच साथीत सावित्रीबाईंचे दत्तकपुत्र डॉ. यशवंत फुले यांनी हडपसरजवळ ससाणे मळ्यात दवाखाना उघडला होता. तिथे रुग्णांची सेवा करत असताना सावित्रीबाईंना लागण झाली आणि १० मार्च १८९७ रोजी त्यांचे निधन झाले. कसबेकरांनी उल्लेखलेल्या विचाराचा आणि भूमापकांनी उल्लेखलेल्या रोगाचा रस्ता त्या मळ्यात असा एकत्र आला.

लोकांचे व्यवहारज्ञान मात्र शास्त्राच्या पुढे होते. माझ्या पणजीच्या पिढीत "उंदीर पडले" एवढे दोन शब्द पुरत. आढ्यावरून मेलेला उंदीर पडला की भांडीकुंडी बांधायची, दार ओढून घ्यायचे आणि गावाबाहेरच्या माळावर झोपड्या घालून राहायचे. पिसू कोणालाच माहीत नव्हती, पण मेलेल्या उंदरांचे घर सोडून उघड्या माळावर जाणे हा त्या परिस्थितीत सर्वांत शहाणपणाचा उपाय होता. हे ज्ञान कोणत्या कचेरीतून आले नाही. ते एका गावातून दुसऱ्या गावात, बहुधा माहेरी आलेल्या लेकींच्या तोंडून गेले. त्याचा नकाशा कोणी काढून ठेवला असता तर फार बरे झाले असते.

मळेकरी_नारायणगाव

मी जुन्नर तालुक्यातील शेतकरी असून मुलाच्या शिक्षणामुळे अर्धा आठवडा पुण्यात असतो. भूमापकांनी सांगितलेल्या दोन चाली, एक सरकण्याची आणि एक उडीची, या आम्ही टोमॅटोत डोळ्यांनी पाहिल्या आहेत.

२०२० च्या उन्हाळ्यात आमच्या भागातील टोमॅटोला विचित्र रोग आला. फळ नीट लाल होईना; एका बाजूला हिरवट, मध्ये पिवळे, कुठे लाल, आणि कापले तर आत काळपट. शेतकऱ्यांनी त्याला 'तिरंगा' हे नाव दिले. नमुने बंगळूरूच्या संशोधन संस्थेत गेले आणि विषाणूंचा दोष निघाला. त्यांत काकडीवर्गातील मोझॅक विषाणूही होता. हा विषाणू मावा या किडीतून पसरतो. मावा बांध ओलांडून शेजारच्या वावरात जातो, वाऱ्याची साथ असेल तर आणखी थोडा पुढे. ही झाली सरकण्याची चाल. आमच्या मळ्यात पहिल्यांदा पूर्वेच्या बांधाकडील दोन सऱ्या चुरगळलेल्या पानांच्या दिसल्या, आणि आठवड्याने चौथी-पाचवी सरी. बोटाने दाखवता यावे इतके सरळ. पण ज्या गावात आसपास कुठे रोग नाही तिथे तो एकाएकी कसा उगवतो? पुष्कळदा रोपांबरोबर. एका रोपवाटिकेतून दहा गावांना रोपांचे ट्रे जातात. ती उडी.

आता यातील तिसरा प्रवासी पाहा. रोग अजून चार-पाच तालुक्यांत चाचपडत होता तेवढ्यात एका वृत्तवाहिनीने त्याचा संबंध माणसांच्या साथीशी जोडल्यासारखी बातमी दिली. करोनाचे दिवस होते. लोकांनी टोमॅटो घेणेच बंद केले. वनस्पतीचा हा विषाणू माणसाला काही करत नाही, हे शास्त्रज्ञांनी सांगेपर्यंत भाव कोसळलेला होता. माझ्या वावरात रोग चार-पाच सऱ्यांना होता आणि निरोगी मालाची वीस किलोंची कॅरेट बाजारातून परत आली. व्यापारी म्हणाला, "पाटील, मला ठाऊक आहे, पण गिऱ्हाईकाला कोण सांगणार?" माव्याला एक बांध ओलांडायला आठ दिवस लागले, अफवेला नारायणगावहून निघून पुण्या-मुंबईच्या भाजीवाल्यापर्यंत जायला एक संध्याकाळ पुरली.

उलट बाजूही सांगतो, म्हणजे एकतर्फी होणार नाही. २००२ मध्ये सांगली भागात उसावर लोकरी मावा आला आणि पश्चिम महाराष्ट्रभर पसरला. पांढऱ्या लोकरीने पानाची खालची बाजू भरून जायची. वाऱ्याने तो पसरलाच, पण जनावरांच्या चाऱ्यासाठी उसाचे वाढे एका गावाहून दुसऱ्या गावाला जातात, त्यांबरोबरही गेला. त्याला खाणाऱ्या मित्रकिडी पुढे शेतकऱ्यांनी कशा नेल्या? मित्रकिडी असलेली उसाची पाने कापून, पिशवीत घालून, मेहुण्याच्या मळ्यात नेऊन बांधली. रोग वाढ्यांतून गेला आणि औषधही पानांतूनच गेले. दोन्ही वेळा वाहन मोटारसायकल.

बटाटेवडा

अवांतर वाटेल, पण विषयाला धरूनच आहे. बटाटा दक्षिण अमेरिकेतून पोर्तुगिजांबरोबर आला, आणि त्याचा मार्ग त्याच्या नावातच टिकून आहे. पोर्तुगिजांच्या बंदरांमागील मुलखात, म्हणजे आपल्याकडे, तो बटाटा राहिला; उत्तरेत तो आलू झाला. पाव, चावी, अननस, हापूस हे शब्दही त्याच गलबतांतून उतरले. साबुदाणा ज्या कंदापासून होतो तो, शेंगदाणा, मिरची आणि बटाटा हे चारही पलीकडच्या खंडातले. एकादशीच्या ताटात आपण भक्तिभावाने जे वाढून घेतो त्यातले पाचशे वर्षांपूर्वी ज्ञानोबा-तुकोबांच्या मुलखात पुष्कळसे नव्हते, असे हिशेब सांगतो.

अभिलेख

तुकोबा सतराव्या शतकातले. त्यांना 'पाचशे वर्षांपूर्वी'त ओढू नये. बाकी मान्य.

नवखी

मी भूगोलाच्या पदव्युत्तर वर्गात आहे. भूमापककाका, "दुबई जवळ आणि वेल्हे लांब" हे वाक्य ऐकायला छान वाटते, परंतु ते मोजता येते का? किलोमीटरऐवजी कोणते माप धरावे?

भूमापक

नवखी, मोजता येते, आणि रीत अवघड नाही. डर्क ब्रॉकमन आणि डर्क हेल्बिंग यांनी २०१३ मध्ये ती मांडली. एखाद्या ठिकाणाहून बाहेर पडणाऱ्या शंभर माणसांपैकी किती जण अमुक ठिकाणी जातात, एवढेच विचारायचे. तो वाटा जितका मोठा तितके ते ठिकाण जवळ. गणितासाठी त्या वाट्याचा नैसर्गिक लघुगणक घेऊन तो एकातून वजा करतात. निम्मी माणसे जात असतील तर अंतर येते सुमारे १.७, शंभरात एकच जात असेल तर सुमारे ५.६. हे अंतर वापरून जगभरातील विमानमार्गांवर २००९ चा फ्लू मांडला, तेव्हा साध्या नकाशावर वेडीवाकडी दिसणारी साथ पाण्यात दगड टाकल्यावर उठणाऱ्या वलयांसारखी गोल पसरताना दिसली. त्याच फ्लूने देशातील पहिला मृत्यू ३ ऑगस्ट २००९ रोजी पुण्यात झाला होता.

आता यातील गंमत पाहा. किलोमीटरचे अंतर जाता-येता सारखेच असते. हे तसे नाही. वेल्ह्याहून बाहेर पडणाऱ्या एस.टी.त आणि जीपमध्ये बसलेल्यांपैकी बहुतेकांना पुण्यालाच यायचे असते, कॉलेज असो, दवाखाना असो वा मार्केट यार्ड. म्हणजे वेल्ह्याला पुणे अगदी जवळ. पुण्याहून रोज बाहेर पडणाऱ्या लोंढ्यात वेल्ह्याला जाणारे किती? पावसाळ्यातले राजगड-तोरण्याचे गिरिप्रेमी वगळले तर नगण्य. म्हणजे पुण्याला वेल्हे फार लांब. एकाच रस्त्याची दोन टोके, आणि अंतरे दोन. मूळ लेखात मी हे नीट मांडले नव्हते. तुझ्या प्रश्नामुळे मांडावे लागले.

कसबेकरांच्या आक्षेपाकडेही यातून पुन्हा पाहता येईल. रोगाला एकदा जाणे पुरते, पण विचाराला तोच माणूस परत परत यावा लागतो. दुबईहून माणूस एकदा आला आणि रोग आला. गणपतीला दरवर्षी गावी जाणारा चाकरमानी दहा वर्षे तीच गोष्ट सांगतो तेव्हा कुठे घरात संडास बांधला जातो. त्यामुळे विचाराचा नकाशा काढायचा तर केवळ जाणाऱ्यांची संख्या नको, परतणाऱ्यांचीही हवी. असा नकाशा तू काढलास तर मी फुकट रंगवून देईन.

कसबेकर

परतणाऱ्यांचा मुद्दा मला मान्य आहे. नामदेव पंजाबात गेले, तिथे दीर्घकाळ राहिले, आणि त्यांची एकसष्ट पदे गुरु ग्रंथ साहिबात आहेत. वाटसरूच्या ओठांवरचे अभंग त्या प्रांतात रुजले नसते. मुक्काम करावा लागला. साथीची भाषा मात्र मी वापरणार नाही.

निवृत्त_आरोग्यसेविका

नवखी, एक भर. नकाशा काढताना ऋतू विसरू नकोस. ज्येष्ठाच्या वद्य पक्षात आळंदी-देहूच्या पालख्या निघाल्या की हडपसर, सासवड, लोणी काळभोर ही गावे दोन दिवस जगाच्या मध्यावर येतात आणि मग पुन्हा आपल्या जागी जातात. जुन्या काळी पंढरीच्या वाटेवर पटकीची धास्ती असे ती याचमुळे. आम्ही वारीत पाण्याच्या टँकरपाशी क्लोरीन तपासायला उभ्या असायचो. २०२० साली पादुका एस.टी.ने गेल्या, आणि ती वाट पहिल्यांदाच रिकामी पाहिली.

मळेकरी_नारायणगाव

ताईंनी रिकाम्या वाटेचे लिहिले म्हणून आमच्याकडचे सांगतो. नारायणगावला तमाशाच्या फडांच्या राहुट्या लागतात. पाडव्याच्या सुमारास गावोगावचे पुढारी तिथे येतात, फड पाहतात, जत्रेची सुपारी देतात, आणि मग चैत्र-वैशाखात ते फड सगळ्या मुलखात फिरतात. आधी गावे आमच्याकडे येतात, मग इथून गावांकडे गाणे, वग, विनोद आणि बातमी जाते. सत्यशोधकांचे जलसेही याच तमाशाच्या ठशावर बेतलेले होते, त्यामुळे भूमापककाकांच्या मुंबईच्या गाठोड्यातले भाषण शेवटच्या वाडीपर्यंत गेले असेल तर ते ढोलकीवर गेले, असे मला वाटते. नवखीताईंनी परतणाऱ्यांचा नकाशा काढलाच तर एक टिंब आमच्यासाठी राखून ठेवावे. टाळेबंदीचा पहिला दिवस, २५ मार्च २०२०, हा नेमका पाडव्याचा दिवस होता. त्या वर्षी सुपारी द्यायला एकही गाव आले नाही.